तळ्यातला धूर

“तुझी आय तळ्यात ऱ्हाती आता,” हरिबा म्हणाला आणि त्यानं बशी तोंडाला लावली.

सांगलीच्या स्टँडसमोरचं हॉटेल. नानासो कॉलेजला निघाला होता आणि मागून कुणीतरी ‘नाना, ए नाना’ म्हणून हाक मारली. गावाकडची हाक इतकी उघडी, की रस्त्यावरची चार माणसंही वळली. वाडीतला हरिबा. बायकोला मिरजेच्या दवाखान्यात घेऊन चाललेला. बायको समोर स्टँडच्या पायरीवर गाठोड्याला टेकून बसली होती आणि येणाऱ्या प्रत्येक गाडीकडं, ती मिरजेची नसली तरी, उठून बघत होती.

“तळ्यात म्हणजे?”

“तळ्यात म्हंजे तळ्यात. पानी कुटं हाय त्यात? दुष्काळी काम बी तितंच, प्यायचा झिरा बी तितंच. मग घरात बसून काय करायचं? निम्म्या वाडीनं कोपी बांदल्यात तळाला. चुली मांडल्यात. सांजच्याला ये की एकदा बगाया, तळं धुरानं भरतंय. पान्यानं भरायचं तेवडं ऱ्हायलंय.” हरिबा स्वतःच्याच बोलण्यावर हसला, मग बायकोकडं बघून हसायचा थांबला.

“आणि दादा?”

“गुंड्याचा न्हाई पत्त्या. दिवाळीच्या आदी मेंढरं घिऊन कोयनंच्या अंगाला गेला त्यो गेलाच. बाकीची आली की परतून. निम्मी मेंढरं मेली, पर आली. म्हातारी रोज खिंडीकडं बगत बसती. मुकादम वरडतोय, म्हातारे, पाटी उचल. हिचं ध्यान खिंडीत.”

“मी तिला इकडं घेऊन येतो. रविवारी... नाही, उद्या शनिवारीच जातो.”

“आन की. खोली हाय, नळ हाय. पर ती यील व्हय रं? धूर दिसल्याबिगर?”

मिरजेची गाडी लागली. हरिबानं उरलेला चहा बशीतून कपात, कपातून तोंडात ओतला आणि तो पळाला. नानासो उभाच. सांगलीत त्या दिवसांत हळद शिजत असते, गावाबाहेरच्या शेतांतल्या काहिलींचा वास सकाळच्या हवेत ओलसर, जड, मातीसारखा पसरलेला असतो, आणि तीन वर्षं झाली तरी नानासोला तो वास आपला वाटला नव्हता. आज त्या वासाखालून दुसराच एक धूर येतोय असं त्याला वाटलं. तळ्यातला. तो चालत राहिला. उजवा पाय थोडा फेकत, नेहमीसारखा. तळ्यात धूर, पाय, तळ्यात धूर, पाय. तळं आणि धूर हे दोन शब्द शेजारी कसे बसले, ते त्याला कळेना. कुठंतरी कुणीतरी बजावून सांगितलं होतं की ते शेजारी बसत नाहीत. कुणी सांगितलं होतं?

त्यानंच. दर वर्षी. फळ्यावर.

डोंगरावर विस्तव आहे.
कारण तिथं धूर आहे.
जिथं धूर, तिथं विस्तव. जसं स्वयंपाकघर.
उलट, जिथं विस्तव नाही तिथं धूरही नाही. जसं

आणि खडू थांबला. पुढचा शब्द इतका जुना होता की तो लिहायला हात लागतच नसे, तो आपोआप उमटे. तर्क शिकवणारी माणसं शेकडो वर्षं हेच उदाहरण देत आली. स्वयंपाकघरात धूर आणि विस्तव दोन्ही. तळ्यात दोन्ही नाहीत. यात न पटण्यासारखं काही नाही, म्हणून तर ते टिकलं. पण नानासोला फळ्याच्या काळ्या पृष्ठभागावर तडकलेली माती दिसली, तिच्यावर तीन दगड, दगडांत काटक्या, आणि पाठमोरी बसलेली आई. पदर डोक्यावरून घसरलेला. तिच्यासमोरून धूर निघाला होता आणि तो फळ्यावरच्या वाक्यांतून सरळ वर चढत होता. मागच्या बाकावर कुणीतरी खोकलं. मुलांना वाटलं, सर विसरले. तोही म्हणाला, “पुढचं सोमवारी,” आणि फळा न पुसताच बाहेर आला. मागं ते ‘जसं’ तसंच लोंबकळत राहिलं.

स्टाफरूममध्ये लालासाहेब पेपर वाचत होते. इतिहास शिकवत. पलूसकडचे, उसाची शेती, घरातले दोघं पलटणीत. बोलताना शर्टाच्या बाह्या वर सारायची सवय.

“काय राव नानासो, तोंड का असं? मुलांनी प्रश्न विचारला का काय? इतिहासात एक बरं असतंय, कुणी विचारत नाही.”

“लालासाहेब, डोंगरावर धूर दिसला तर तुम्हाला काय वाटतं?”

“मला? ऊस पेटला वाटतं. आमच्याकडं धूर दिसला की माणूस आधी पळतो, मग विचारतो कुणाचा. आमचा आजा सांगायचा, त्याच्या आज्याच्या वेळी डोंगराकडनं धूर आला की बायका दागिने पुरायच्या. स्वारी आली म्हणून. का?”

“नाही. हे वाक्य पहिल्यांदा कोण म्हणालं असेल, याचा विचार करतोय. धूर आहे, म्हणजे विस्तव आहे. कुणीतरी एक माणूस कुठंतरी उभा असेल ना? खाली. डोंगराकडं तोंड करून.”

लालासाहेबांनी पेपर खाली ठेवला. “म्हणजे तुमच्या तर्कशास्त्राला सनावळी लावायची म्हणताय. तुम्हीच सांगता की, दोन आणि दोन चार, मग म्हणणारा कोण का असंना.”

“तेच सांगतो.”

“मग?”

तास झाला. लालासाहेब बाह्या सारत वर्गावर गेले. पण जाता जाता दारात थांबून म्हणाले, “त्याचं पोट भरलेलं असणार बघा, त्या माणसाचं. आग कुणाची, ते त्यानं विचारलंच नाही.”

खोलीवर आल्यावर नानासो कॉटवर आडवा झाला. स्टोव्ह पेटवला नाही. छताला पोपडे आले होते आणि त्यांच्यात डोंगर दिसत. तो माणूस पोटभर जेवलेला असेल, हे त्याला पटेना. त्याला तो माणूस वेगळाच दिसत होता. लहान. एका पायानं अधू. कारण नानासोला धूर आणि विस्तव शिकवला तो कॉलेजनं नव्हे. साताऱ्याच्या वर्गात ते उदाहरण पहिल्यांदा ऐकलं तेव्हा बाकीच्या मुलांनी वहीत उतरवून घेतलं आणि त्यानं मान वळवून खिडकीतून अजिंक्यताऱ्याकडं बघितलं होतं. धूर आहे का ते. सगळी तत्त्वं परकी होती, संस्कृत शब्दांचे कोट घालून आलेली. एवढं एक त्याच्या वाडीतून चालत आल्यासारखं आलं होतं, अनवाणी.

चार-पाच वर्षांचा असताना तो घोड्यावरून पडला. मेंढरं घेऊन वाटेला लागलं की संसार घोड्यावर असतो, भांडी, वाकळा, कोंबड्या आणि पोरं. पाय मोडला तो वाकडाच जुळला. मेंढरांच्या मागं रोज चालायचं म्हणजे पाय हवा. म्हणून पुढच्या दिवाळीला आई, बा, गुंडा आणि सगळा वाडा, म्हणजे मेंढरांमागची सगळी बिऱ्हाडं, पश्चिमेला निघाला तेव्हा त्याला वाडीत ठेवलं, रंगूबाई आत्याजवळ. आत्याला चालवत नव्हतं, तीही मागंच राहिलेली. वाडीत शाळा होती. शाळेत तो गेला ते दुसरीकडं कुठं जाता येत नव्हतं म्हणून. पुढं साताऱ्याचं बोर्डिंग, पुढं पदवी, पुढं सांगली. साताऱ्याचे सर म्हणायचे, नानासोची बुद्धी मुळातच तर्काची. मुळात. तो छताकडं बघून हसला. मुळात एक घोडा बुजला होता.

आणि मग मागं राहिलेल्या माणसाचे ते दिवस. वाडीच्या पश्चिमेला डोंगर, डोंगरात खिंड. मेंढरं परतायची ती खिंडीतून. पण येणारे थेट खाली उतरत नसत. खिंडीत मेंढरं बसवायची आणि ओला पाला घालून धूर करायचा, ही रीत. खालच्यांनी धूर बघितला की घरातली चूल पाणी टाकून विझवायची, पीठ घ्यायचं, खापर घ्यायचं आणि वर चढायचं. त्या दिवशीची भाकरी मेंढरांच्या जाळावर. आणि उतरताना त्याच जाळातला निखारा खापरात घालून आणायचा, त्यावर घरची चूल पुन्हा पेटवायची. घर म्हणजे जिथं मेंढरं तिथं. खालचं घर नुसतं राखणीला. मधले महिने खालची चूल पेटायची, भाकरी व्हायची, पण ती चूल उसनी, असं आत्या म्हणायची.

म्हणून रोज दुपार कलली की तो आणि आत्या उंबऱ्यात बसत. खिंडीकडं तोंड करून. पोरानं अंदाज करायला शिकावं असा तो उंबरा होता. ढग की धूर? धुळीची वावटळ की धूर? धूर असेल तर विस्तव. विस्तव असेल तर मेंढरं. मेंढरं असतील तर आई. असं एकाला एक लावत जायचं, दोरखंडासारखं, आणि दोरखंडाच्या पलीकडच्या टोकाला आईचा हात. पुढं ग्रंथांतून त्याला कळलं की याला अनुमान म्हणतात.

एकदा धूर दिसला. पांढरा, जाड, खिंडीच्या बरोबर मधोमध. आत्यानं चुलीवर तांब्या ओतला. चर्र झालं, राख उडाली. तिला चालवत नव्हतं तरी ती काठी टेकत वर गेली, तो तिच्या मागं, दोघंही लंगडत. वर कोळसेवाले होते. बाभळी तोडून भट्टी लावलेली. ते हसून म्हणाले, या म्हातारे, बसा. आत्या बसली नाही. दोघं उतरली. चूल विझलेली होती, आणि ती आता मेंढरांच्या जाळाशिवाय कशानंही पेटवायची नव्हती. शेजारणीनं निखारा देऊ केला, आत्यानं घेतला नाही. किती दिवस ती दोघं शेजारच्या घरी जेवली, ते नानासोला आठवत नाही. चुलीतली गार राख आठवते. ती बोटानं उकरली की खालीही गारच.

धुरावरून विस्तव कळला होता. तर्कात चूक काहीच नव्हती.

शनिवारी त्यानं गाडी धरली. विट्याला बदलली. विटा सोडलं की उसाचा हिरवा रंग खिडकीतून पुसत गेला, आधी कडेनं, मग सगळाच. माणदेश लागला. रस्त्याच्या कडेला खडी फोडणाऱ्या बायका, डोळ्यांवर पदर ओढलेल्या. गाडीच्या धुळीत त्या बुडायच्या आणि पुन्हा बाहेर यायच्या. त्यातली प्रत्येक आई होती आणि नव्हती. शेजारच्या माणसानं विचारलं, “मास्तर काय?” त्यानं मान हलवली. “कशाचं?” काय सांगावं? “तर्काचं.” माणूस बराच वेळ विचार करून म्हणाला, “तर्कबी चालंना झालाय औंदा,” आणि झोपला. नानासोलाही डुलकी लागली. डुलकीत फळा होता, आणि फळ्यावर ‘जसं’च्या पुढं मुलं एकेक येऊन आपापलं काही लिहून जात होती: जसं आमचा मळा, जसं आमची पेठ, जसं आमची छावणी. त्याच्या हातात खडू नव्हता, मेंढीची लोकर होती.

गाडी फाट्यावर सोडते. तिथून पायवाटेनं खिंड चढायची आणि पलीकडं उतरायचं. नेहमीचं हेच. पण आजवर तो या बाजूनं आला तेव्हा उतरण्याच्या घाईत असायचा. आज खिंडीत पोचला आणि त्याचे पाय थांबले.

खाली तळं. लहानपणी ते निळ्या तुकड्यासारखं दिसे. आता ते भांडं होतं, घासून ठेवलेलं. मधोमध खणलेल्या मातीचे ढीग, मुंग्यांसारखी माणसं पाट्या घेऊन रांगेनं चढणारी. एका कडेला कोपी. आणि धूर. काम सुटायची वेळ झाली असावी, काही चुली पेटल्या होत्या, काही पेटत होत्या, बारीक, सुतासारखे धूर सरळ वर येऊन एका उंचीला मोडत होते. ज्या जागी धूर असूच शकत नाही म्हणून शेकडो वर्षं शिकवलं ती जागा. त्याला ते उदाहरण देणाऱ्याचा राग आला नाही. उलट त्याची कीव आली. त्याच्या गावात तळं कधी आटलं नसणार. तेवढ्या एका पावसाच्या भरवशावर त्यानं ते वाक्य कायमचं केलं. आपणही तसंच काही करत असू. कुठल्यातरी न आटलेल्या तळ्याच्या काठावर बसून, हे कायमचं, असं म्हणत असू.

यातला कुठला धूर आईचा? दिसेना. सगळे सारखे.

खिंडीत त्यांच्या घरचं जुनं वाडगं होतं, दगड रचून केलेलं, मेंढरं बसवायचं. आत लेंड्यांचा थर, वर्षानुवर्षांचा, तुडवून तुडवून फरशीसारखा घट्ट. यंदा त्यावर कुणी बसलेलं नव्हतं. तो आत शिरला. इथं तो कधी बसला नव्हता. धूर करताना तो कधीच इथं नव्हता, नेहमी खाली. इथून खाली बघणारे काय बघत असतील, हे त्यानं इतक्या वर्षांत एकदाही मनात आणलं नव्हतं. त्यांना खालचं घर दिसत असणार. त्यात उंबरा. उंबऱ्यात एक पोरगं.

खिशात काड्यापेटी होती, स्टोव्हची, सकाळी चुकून राहिलेली.

हा धूर बघून आई चूल विझवेल, हे ठाऊक नव्हतं असं नाही. पण ठाऊक असणं एका जागी होतं आणि हात दुसऱ्या जागी. हातांनी काटक्या गोळा केल्या, तरवडाचा वाळका पाला, वर लेंड्यांचे खापे उचकटून ठेवले. मी आलोय. एवढंच हातांना म्हणायचं होतं. सांगलीहून दर दिवाळीला, दर मे महिन्यात तो आला होता, पिशवी घेऊन, आणि कधीही कुणी चूल विझवली नव्हती. का विझवावी? त्याच्यामागं मेंढरं नव्हती. पिशवीतून येणाऱ्याला कुणी ‘आला’ म्हणत नाही, ‘येऊन गेला’ म्हणतात. काडी ओढली. पाला भुरकन गेला. लेंड्या पेटल्या नाहीत, धुमसल्या, आणि मग एकदम जाड, पिवळट पांढरा धूर निघाला. त्याला वास होता. तो वास नाकातून सरळ घोड्याच्या पाठीवर गेला, आईच्या मांडीवर गेला, पडण्याच्या आधीच्या जागी. नानासोनं डोळे मिटले.

उघडले तेव्हा तळ्यातला एक धूर नव्हता.

आधी त्याला वाटलं, भास. त्यानं पुन्हा बघितलं. कोपींच्या टोकाला, जिथं आत्ता एक सूत होतं तिथं काही नव्हतं. बाकीचे सगळे होते. धुरावरून जे कळलं नव्हतं ते धूर नसण्यावरून कळलं. ती आईची चूल होती. तिनं पाणी टाकलं होतं. झिऱ्यातून वाटी-वाटीनं भरलेलं पाणी.

तो उठला, जाळावर पाय आपटू लागला. वरचं विझे आणि खालून दुप्पट धूर येई. थर जुना होता, आग आत उतरली होती. माती टाकली. मातीतूनही धूर. त्यानं हात हलवले, ओरडला, “आये, मी आहे, नानाऽ.” खिंडीतून ओरडलेलं खाली फक्त ओरडणं म्हणून पोचतं. उताराच्या वाटेवर एक ठिपका दिसू लागला होता. तो थांबत नव्हता. तो इतका भरभर चढत होता की नानासोला खाली धावत जाऊन तिला मधे गाठायचं सुचलं आणि जमलं नाही. ज्या वेगानं ती येत होती तो वेग मोडायचा कसा?

“गुंडा,” तिनं वळणावरूनच हाक घातली. “गुंडा रं, किती राखलीस?”

आई, हरणाबाई, वर आली. ओच्यात पीठ, एका हातात चरवी, काखेत खापर. तिनं आधी वाडग्यात बघितलं. मग वाडग्याच्या मागं. मग पलीकडच्या उतारावर, लांबपर्यंत. मग त्याच्याकडं.

“तू व्हय.”

“आये, मी तुला न्यायला आलोय.”

“न्ह्यायला आलास, तर खाली याचं हुतं. धूर करून मला वर आनलंस. वरात काडायची हुती व्हय माजी?”

ती दगडावर बसली. धाप लागली होती. पायाला तळ्यातली माती वाळून पांढरी झाली होती, गुडघ्यापर्यंत मोजे घातल्यासारखी. खालच्या धुरांकडं तिनं एकदा बघितलं आणि अगदी साध्या आवाजात म्हणाली, “चूल इझवून आले म्या.”

“मी निखारा आणतो कुणाकडून. आत्ता आणतो.”

“आनशील. पेटंल बी ती.” तिनं पुढं काही म्हटलं नाही. आत्याची गार राख दोघांच्या मधे येऊन बसली.

वारा पडला होता. धूर सरळ वर जात होता, निवांत, त्याच्या मागं काही घडलं नसल्यासारखा. हरणाबाईनं काटकी घेतली आणि जाळ उकरला. एक खापा बाहेर ओढला, फोडला, बोटांत चुरला. नाकाशी नेला. नानासो बघत होता. तिच्या तोंडावर काही उमटतंय का ते त्याला ओळखता येईना. तिथं सगळं आधीपासूनच उमटलेलं होतं.

“कुटनं काडलंस ह्ये?”

“इथनंच. खालनं, भिंतीजवळनं.”

“खालचा थर म्हंजे तुज्या बाच्या वक्ताचा. हितंच बसवायचा त्यो. गुंड्या त्या अंगाला बसिवतो, सावलीला. बाला उनाचं काय वाटायचं न्हाई.” तिनं चुरा परत जाळात टाकला. हात पुसले नाहीत. ओचा सोडला, चरवीतलं पाणी बेतानं पिठावर घेतलं आणि त्याच दगडावर पीठ मळायला लागली. खापर जाळावर ठेवलं, तवा म्हणून. नानासो सरकून तिच्याजवळ बसला. भाकरी थापल्याचा आवाज खिंडीत उमटला आणि परत आला, पलीकडंही कुणी थापत असल्यासारखा.

“काय शिकिवतोस रं तितं पोरास्नी?” तिनं इतक्या वर्षांत पहिल्यांदा विचारलं.

“धूर दिसला की तिथं विस्तव असतो, ते.”

तिनं हात थांबवून त्याच्याकडं बघितलं, थट्टा करतोय का ते बघायला. “आन ह्येचा पगार देत्यात?”

“देतात.”

“देऊ दे बाबा.” तिला हसू आलं, मग त्यालाही आलं. धूर डोळ्यांत गेला म्हणून दोघांनी डोळे पुसले. एक भाकरी त्यांनी मोडून खाल्ली. एक तिनं वाडग्याच्या भिंतीवर ठेवली, वर दगड ठेवला. ती कुणासाठी, हे विचारायचं नव्हतं.

सूर्य पलीकडच्या डोंगरांना टेकला. त्या बाजूला एकामागं एक रांगा, फिकट होत गेलेल्या, शेवटची डोंगर की हवा ते कळत नव्हतं. त्यांतल्या कुठल्यातरी एका खोबणीत गुंडा होता, किंवा नव्हता. हरणाबाई उठली. खापर रिकामं केलं, काटकीनं जाळातला लाल तुकडा वेचून त्यात घेतला, वर राख घातली.

नानासो दचकला. “आये, याच्यावर पेटवलीस तर... म्हणजे मेंढरं आली, असं होईल.”

“इस्तू मेंढरांचाच हाय.”

“पण दादा?”

“गुंड्या यील तवा त्येचा त्यो घिऊन यील. ह्यो तू आनलाईस.” तिनं खापर पदरानं धरलं. निघाली, दोन पावलांवर थांबली. “आन ह्यो इझू दिऊ नगंस. पलीकडनं येनाऱ्याला बी दिसू दे की. न्हेमी खालच्यांनीच बगायचं व्हय?”

“सांगलीला येणार नाहीस?”

“तुजा नळ काय पळून जातोय?” असं म्हणून ती उतरायला लागली. चढताना जशी आली होती तशी नाही. हळू, हातातल्या खापराकडं बघत, एखादं तान्हं न्यावं तशी.

नानासो वाडग्यात परतला. नवे खापे उचकटले, रचले. धूर पश्चिमेला दिसावा म्हणून तो भिंतीच्या बाच्या अंगाला बसला, जिथं ऊन येतं. सोमवारी वर्ग होता. फळ्यावर ‘जसं’ अजून असेल, किंवा शिपायानं पुसलं असेल. त्याला आता त्या पहिल्या माणसाचं तोंड दिसत होतं, ज्यानं डोंगराकडं बघून म्हटलं होतं, तिथं विस्तव आहे. त्याच्या आवाजात इतकी खात्री का होती, ते नानासोला कळलं. त्याला ती खात्री हवी होती. त्याचं कुणीतरी वर होतं. पुढच्यांनी त्याची खात्री तेवढी ठेवली आणि तो माणूस गाळला.

पश्चिमेला काही नव्हतं. तो बघत राहिला. मग वळून खाली बघितलं.

तळ्यात अंधार साचायला लागला होता, पाण्यासारखा, तळापासून. त्यात धुरांची सुतं अजून ओळखू येत होती. कोपींच्या टोकाला बराच वेळ काहीच दिसलं नाही. मग तिथं एक बारीक, वाकडं सूत उगवलं, अडखळलं, आणि सरळ झालं.

जिथं धूर, तिथं विस्तव. जसं आमचं तळं.